पोटगी, खावटी, निर्वाहभत्ता : अर्थ एकच की वेगवेगळे?

प्रश्न

माझ्या मावसबहिणीचा घटस्फोट गेल्या वर्षी झाला. हुकूमनाम्यात पैशाबद्दल अक्षर नव्हतं, म्हणून तिनं नंतर वेगळा अर्ज केला. आता आदेशात 'अंतरिम पोटगी' असं लिहिलंय, तिचे वकील 'खावटी' म्हणतात आणि पेपरात 'निर्वाहभत्ता' छापून येतं. हे तीन वेगळे हक्क आहेत का? आमचे मामा म्हणतात, पोटगी बायकोला असते. फारकत झाल्यावर ती बायकोच उरली नाही, मग पोटगी कसली? निदान शब्दार्थानं तरी मामा बरोबर आहेत का?

उत्तर

ताई, मामांचा गोंधळ 'पोटगी'त नाही, 'पत्नी'त आहे. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ मध्ये (१ जुलै २०२४ पासून नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १४४) 'पत्नी' या शब्दाचा खुलासाच दिलेला आहे : जिला नवऱ्यानं घटस्फोट दिला किंवा जिनं तो घेतला, आणि जिनं पुन्हा लग्न केलेलं नाही, तीही पत्नीच. घरात बोलताना ती 'पूर्वीची बायको' असेल, पण या कलमापुरती ती पत्नी आहे. शाहबानो खटला याच खुलाशावर उभा होता. इंदूरच्या दंडाधिकाऱ्यांनी त्यांना महिना २५ रुपये बांधून दिले होते, उच्च न्यायालयानं ते १७९ रुपये २० पैसे केले, आणि १९८५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं घटस्फोटितेचा हा हक्क कायम ठेवला.

आता तुमचे तीन शब्द. पोटगी आणि खावटी यांत कायद्याच्या दृष्टीनं फरक नाही. खावटी बोलण्यात जास्त, पोटगी कागदावर. (आदिवासी विकास विभागाचं 'खावटी कर्ज' ही निराळी गोष्ट, पण मूळ तेच, खाण्यापुरती सोय.) निर्वाहभत्ता हा हिंदीतल्या 'गुजारा भत्ता'च्या वळणानं रुळलेला दिसतो. मला तो आवडत नाही. भत्ता देणारा वाढवतो-कमी करतो. पोटगी कोर्ट लावून देतं आणि ती थकली की वसूल होते.

खरा फरक पुढच्या-मागच्या शब्दांत असतो, तो नीट वाचा. 'अंतरिम' म्हणजे अर्ज चालू असेपर्यंतची. 'कायमस्वरूपी' ही हिंदू विवाह कायद्याच्या कलम २५ ची. ती हुकूमनाम्याच्या वेळी किंवा नंतर कधीही मागता येते, दरमहा किंवा एकरकमी, आणि नवराही मागू शकतो. कलम १४४ मात्र पत्नी, मुलं आणि आईवडील यांच्यासाठीच आहे. आईवडिलांच्या पैशालाही पोटगीच म्हणतात, हे लोक विसरतात.

एक गोष्ट मनाला लागते. शब्दात 'पोट' असल्यामुळे पुष्कळ जण दोन वेळच्या भाकरीचा हिशेब मांडतात. केंद्राच्या कायद्यातही, म्हणजे कलम १२५ मध्ये, पूर्वी महिना ५०० रुपयांची कमाल मर्यादा होती, ती २००१ च्या दुरुस्तीत गेली. आज भाडं, औषधपाणी, मुलांची शाळा आणि सासरी असताना जसं राहणं होतं ते, सगळं पाहिलं जातं. नागपूरच्या कुटुंब न्यायालयात सुरू झालेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं २०२० साली सांगितलं, की पोटगी अर्जाच्या तारखेपासून धरावी आणि दोघांनी मिळकतीचं प्रतिज्ञापत्र द्यावं. तेव्हा आदेशात 'पासून' हा शब्द कुठल्या तारखेला जोडलाय ते बघा.

आणखी एक वाचक

आमच्या भागात जुनी माणसं 'अन्नवस्त्र' म्हणत. माझ्या चुलत आजीला 'पोटगीला' दोन एकर दिली होती. वारली की परत घरात, असं सगळे धरून चालले होते. पण विधवेच्या ताब्यात पोटगीपोटी असलेली जमीन १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याच्या कलम १४ नं तिच्या पूर्ण मालकीची झाली. घरात कुणालाच ते पटेना. 'पोटगीला' या एका शब्दावर भावाभावांत वर्षानुवर्षं बोलणं बंद होतं. सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' रकान्यात असा शब्द दिसला तर त्यावरून नुसतीच नजर फिरवू नका.

उत्तर (पुन्हा)

अन्नवस्त्र चांगला आठवून दिलात. त्यात निदान वस्त्र तरी होतं.

ताई, 'थकीत' शब्दाबद्दल एक राहिलं. कलम १४४ खालची रक्कम देय झाल्यापासून वर्षाच्या आत वसुलीचा अर्ज करावा लागतो, नाहीतर त्या रकमेसाठी वॉरंट निघत नाही. आणि न देणारा तुरुंगात गेला म्हणून पैसे फिटले, असं होत नाही. थकबाकी त्याच्या नावावर राहतेच.

प्रश्न विचारणारी

आदेश पुन्हा वाचला. 'अर्ज दाखल केल्याच्या तारखेपासून' असंच आहे. आम्ही आदेशाच्या तारखेपासून मोजत होतो, म्हणजे सात महिने सुटले होते. ते धरून एकही हप्ता आलेला नाही. सोमवारी वसुलीचा अर्ज लावायचं ठरलंय. मामांना 'पत्नी'चा खुलासा वाचून दाखवला. त्यांनी चष्मा लावून तो स्वतः दोनदा वाचला आणि सोमवारी बरोबर येतो म्हणाले.