शब्दचर्चा : कार्लो बात्तिस्ती 'हौशी' नट होते का?

इटालियन नववास्तववादी सिनेमाबद्दल (दुसऱ्या महायुद्धाच्या सुमाराचा, साध्या माणसांचं जगणं दाखवणारा सिनेमा) मराठीत लिहिताना 'नॉन-प्रोफेशनल अ‍ॅक्टर'साठी 'हौशी कलाकार' हा शब्द सर्रास वापरला जातो. मला तो पटत नाही. का, ते एका माणसाच्या उदाहरणावरून सांगतो.

दिग्दर्शक व्हित्तोरिओ दे सिकाच्या 'उंबेर्तो डी.' (१९५२) मधला म्हातारा पेन्शनर ज्यांनी साकारला, ते कार्लो बात्तिस्ती. जन्म १८८२, त्रेंतोचा. तेव्हा ते शहर ऑस्ट्रिया-हंगेरीत होतं. फ्लॉरेन्स विद्यापीठात भाषाशास्त्राचे प्राध्यापक. जोव्हान्नी आलेस्सिओ यांच्यासोबत त्यांनी इटालियन भाषेचा पाच खंडांचा व्युत्पत्तिकोश केला. तो १९५० ते १९५७ या काळात निघाला, म्हणजे सिनेमाही त्याच वर्षांतला. शब्दांची कुळं शोधणाऱ्या या माणसाला कोणत्या शब्दाने ओळखायचं, हा प्रश्न शब्दचर्चेत यायलाच हवा!

आपल्याकडे 'हौशी नट' म्हटलं की चित्र पक्कं असतं. दिवसभर बँकेत नोकरी, संध्याकाळी तालीम, राज्य नाट्य स्पर्धेची धावपळ. त्याला नाटकाचं वेड असतं, फक्त पोट त्यावर नसतं. बात्तिस्तींचं तसं नव्हतं. रंगमंचाची ओढ म्हणून ते कॅमेऱ्यासमोर आले नाहीत. दे सिकाला त्यांचा चेहरा, चाल, ताठा हवा होता म्हणून आले. वय सत्तरीला टेकलेलं, आणि पडद्यावरची मोठी भूमिका एवढी एकच.

तो ताठा काय चीज आहे, ते भीक मागण्याच्या प्रसंगात बघा. घरमालकिणीचं भाडं थकलंय, खोली जाणार. रोममध्ये पँथिऑनजवळ उंबेर्तो हात पुढे करून बघतो. कुणीतरी थांबतो, खिशात हात घालतो, आणि नेमक्या त्या क्षणी हा तळवा उलटा करतो, जणू पाऊस पडतोय का ते पाहतोय. मग कुत्र्याच्या, फ्लाइकच्या, तोंडात हॅट देऊन स्वतः खांबाआड उभा राहतो. ओळखीचा गृहस्थ समोर येतो तेव्हा कुत्रं खेळतंय असं भासवतो. मुरलेल्या नटाने इथे केविलवाणेपणा थोडा तरी दाखवला असता. बात्तिस्ती हाताशिवाय काहीही हलवत नाहीत. मला हा प्रसंग अख्ख्या नववास्तववादात सर्वांत मोठा वाटतो.

बाकीचे पर्याय पटकन. 'अव्यावसायिक' म्हटलं की आता 'अव्यावसायिक वर्तन' आठवतं, म्हणजे थेट ठपकाच. 'बिगरव्यावसायिक' वीजजोडणीला शोभतो. 'नवोदित'मध्ये पुढची कारकीर्द गृहीत धरलेली असते. तुम्ही काय वापरता?

प्रतिसाद : 'शिक्षकेतर'च्या धर्तीवर 'नटेतर' कसा वाटतो? सुटसुटीत आहे, समासही रूढ वळणाचा आहे.

धागाकर्ता : समास चांगला आहे, पण 'शिक्षकेतर कर्मचारी' म्हणजे शाळेतले कारकून आणि शिपाई. त्याच न्यायाने 'नटेतर मंडळी' म्हणजे रंगभूषावाले आणि प्रकाशयोजनावाले होतील. भूमिका करणारा माणूसच त्यातून वगळला जातो.

मला दिग्दर्शक व्हिस्कोंतीच्या 'ला तेर्रा त्रेमा'ची (१९४८) पद्धत आवडते. सिसिलीतल्या आची त्रेझ्झा गावच्या लोकांनीच त्यात कामं केलीत, तीही आपल्या बोलीत. सुरुवातीच्या पाटीवर त्यांना 'नट नसलेले' असं म्हटलेलं नाही. मच्छीमार, मुली, मजूर, गवंडी, मासळीचे घाऊक व्यापारी अशी सरळ ओळख दिली आहे. मराठीला हे अजिबात परकं नाही. 'पेशाने डॉक्टर' आपण रोज म्हणतो. तेव्हा 'पेशाने भाषाशास्त्रज्ञ असलेले बात्तिस्ती' असं लिहावं, आणि सगळ्यांबद्दल एकत्र बोलायचं असेल तर 'पेशाने नट नसलेले'. शब्द तीन लागतात, पण कुणावर हौस लादली जात नाही.

प्रतिसाद : मग दे सिकाच्याच 'बायसिकल थीव्ह्ज'मध्ये (१९४८) बापाची भूमिका करणाऱ्या लाम्बेर्तो माज्जोरानींना काय म्हणाल?

धागाकर्ता : १९४८ पुरतं उत्तर सोपं आहे : पेशाने कारखान्यातला कामगार. ते मुलाला निवडीसाठी घेऊन आले होते आणि दे सिकाने बापालाच घेतलं. पुढे मात्र पंचाईत आहे. सिनेमानंतर कारखान्यात कामगारकपात झाली, त्यात त्यांची नोकरी गेली. सिनेमात याने बक्कळ कमावलं असा समज त्यांना नडला. मग गवंडीकाम केलं, अधूनमधून सिनेमात लहानसहान भूमिका केल्या. दिग्दर्शक पासोलिनीच्या 'मम्मा रोमा'तही (१९६२) ते इस्पितळातला रुग्ण म्हणून दिसतात. या काळात ते काम मिळावं म्हणून सिनेमावाल्यांकडे बघत होते, त्यामुळे 'पेशाने नट नसलेले' हेही त्यांना पुरतं लागू पडत नाही. 'हौशी' तर नाहीच नाही. त्यांच्यासाठी मी 'एकेकाळचे कामगार, पुढे मिळेल ते काम करणारे' असं लांबलचकच लिहीन. याहून नेमकं कुणाला सुचत असेल तर जरूर सांगा.