फारसीतल्या तुरुंगकविता: सुरुवात कुठून करू?

वाटसरू: दोन वर्षं फारसी शिकतोय. १८४७ साली गालिब कैदेत होता आणि त्यावर त्यानं फारसीत कविता लिहिली, हे नुकतंच कळलं. अशा कवितेला ‘हब्सिया’ म्हणतात. आणखी कोणाला वाचू?

सायली: आधी मसूद साद सलमान! अकराव्या शतकात लाहोरला जन्मलेला, गझनवी दरबारातला कवी. सू आणि दहकच्या किल्ल्यांनी मला सात वर्षं कुटलं, मग तीन वर्षं नाय किल्ला, असा हिशेबच तो एका शेरात मांडतो. ‘नाय’ म्हणजे बासरीही. नायच्या किल्ल्यात मी नायसारखा काळजातून विव्हळतोय, म्हणतो. आणि पुढच्याच ओळीत, या उंच जागी माझी उमेद खाली आली. ही ओळ मी वहीत पेन्सिलीनं लिहून घेतली, तेव्हा पुढे वाचवेना. तक्रारीतही शब्दावरची पकड सुटत नाही त्याची. मोठ्यानं वाचा, ‘ना’ लांबवून.

अनिकेत: विसाव्या शतकातला इराणी कवी फर्रुखी यज्दीही वाचा. जुलमाविरुद्ध कविता केली म्हणून यज्दच्या सुभेदारानं त्याचे ओठ सुईदोऱ्यानं शिवले. तरी तो थांबला नाही. ‘तूफान’ वर्तमानपत्र काढलं, मजलिसमध्ये, म्हणजे इराणच्या संसदेत गेला. १९३९ साली रजा शाहच्या तुरुंगात त्याचा अंत झाला. त्याच्या गझलेत प्रेयसीच्या जागी स्वातंत्र्य येतं.

वाटसरू: सायलीताई, ‘नाय’ आत्ताच मोठ्यानं वाचलं. आज रात्री तेवढा एकच शेर पाठ करतो.