माया डेरेन आणि आमचा स्त्रीपार्ट

डिचोलीवाला: काल पणजीत माया डेरेनची 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' ही जुनी फिल्म बघितली. चौदा मिनिटं एक बाई जिना चढते, चावी पाडते, खुर्चीत झोपते, मग तीच बाई परत परत दारातून आत येते. याला अभिनय म्हणायचं? आमच्या पेडण्याचे दशावतारी रात्रभर उभे असतात, त्यांना कोण विचारतं?

तिसवाडी_कॅमेरा: सकाळपासून हे डोक्यात फिरतंय म्हणून सविस्तरच लिहिते. १९४३ साली अमेरिकेतली प्रयोगशील फिल्मवाली माया डेरेन आणि तिचा नवरा हॅमिड, दोघांनी राहत्या घरात केलेलं काम आहे ते, आणि पडद्यावरची बाई म्हणजे माया स्वतःच. तीन माया टेबलाभोवती बसतात, आळीपाळीने चावी उचलतात, तिसरीचा तळवा काळा निघतो आणि चावीची सुरी होते. ती सुरी घेऊन उठते तेव्हा एक पाय वाळूत, पुढचा गवतात, मग रस्त्यावर, मग घरातल्या गालिच्यावर. चालणं एकच, जागा बदलत जाते. रडून ओरडून केलं असतं तर एक वेडी बाई दिसली असती, ती शांत राहते म्हणून तिघीही खऱ्या वाटतात.

डिचोलीवाला: कट मारून कोणीही दहा माणसं होईल मरे. माझा मामा दशावतारात स्त्रीपार्ट करायचा, म्हणजे बाईची भूमिका. देवळाच्या अग्रशाळेत कंदिलाच्या उजेडात रंग लावून लुगडं नेसून तारामती म्हणून उभा राहिला की पुढच्या म्हाताऱ्या डोळ्याला पदर लावायच्या. लिहिलेले संवाद नाहीत, सगळं जाग्यावर. सकाळी तोच मामा सुपारीच्या कुळागरात. इथे कट कुठे आहे?

फोंड्याची_नाट्यवेडी: मामांचं कौतुक आहे, पण ती तारामती बाईला का नाही करू दिली? मी कॉलेजात असताना गावच्या जत्रेच्या नाटकात काम मागितलं तर कमिटी म्हणाली, नटी पैसे देऊन बाहेरून आणू, गावच्या मुली नकोत.

डिचोलीवाला: विषय काय, तुम्ही गाऱ्हाणं कसलं काढलंत! मामाला बाजारात पोरं 'तारामती' म्हणून चिडवायची, लग्नाच्या पंगतीत ऐकून घेतलंय त्याने. तुम्हाला फक्त पुरुष दिसतो.

फोंड्याची_नाट्यवेडी: ऐकून घेतलं असेल, पण त्यांना रंगमंच तरी मिळाला! मला त्या नटीच्या साड्यांना इस्त्री करायला बसवलं होतं, आणि तिचे सगळे संवाद मला पाठ होते.

साळकार: जरा थांबा दोघं. डेरेन १९४७ मध्ये हैतीला गेली ती नाच शूट करायला. तिथे लोकांच्या अंगात येतं ते बघितलं आणि ती फिल्म काही पुरी केली नाही, १९५३ त त्यावर पुस्तक लिहिलं. आपल्या मांडणीत हे कोंबायचं नाही असं तिने त्यात स्वतःच म्हटलंय. आमच्या शेजारचा एक गडा आहे, शिगम्यात त्याला भार येतो, म्हणजे अंगात येतं. उतरल्यावर विचारा, त्याला काही सांगता येत नाही. त्याला अभिनय म्हणू नका, आणि मामांचं त्याच्यात मिसळू नका.

तिसवाडी_कॅमेरा: बरोबर. आणि रात्रभर तारामती धरून ठेवणं डेरेनने केलं नाही हे कबूल, तिच्यावर तशी वेळच आली नाही. पण 'कट मारून कोणीही' हे मागे घ्या. वाळूतलं पाऊल आणि गालिच्यावरचं पाऊल वेगवेगळं शूट करून अंगाचा तोल आणि वेग तोच राखायचा, मोबाईलवर करून बघा एकदा.

डिचोलीवाला: ते चालणं तेवढं मानतो. बाकी फिल्म थंडच. आणि फोंडावाल्या बाई, आमच्या नाटकात गेल्या वर्षी गावचीच मुलगी होती.

फोंड्याची_नाट्यवेडी: कुठल्या भूमिकेत?

डिचोलीवाला: नायकाच्या बहिणीच्या.

फोंड्याची_नाट्यवेडी: म्हणजे नायिका अजून बाहेरूनच येते. माझं म्हणणं तसंच उभं आहे.