युद्धावरील माहितीपटात उसनी दृश्ये वापरावीत का?

परभणीकर: हैदराबाद संस्थानावरील सप्टेंबर १९४८ च्या पोलिस कारवाईवर (भारतीय लष्कराच्या मोहिमेवर) माहितीपट करायचा आणि जुनी चित्रफीत अपुरी पडली, तर फाळणीची दृश्ये खुशाल वापरावीत, असे माझे मत आहे. प्रेक्षकाला माणसांचे दुःख कळणे महत्त्वाचे आहे.

उदगीरकर: हे वाचून गप्प राहवत नाही. भारतीय लष्कराच्या जनरल चौधरींपुढे निजामाचे सेनापती एल एद्रूस शरण आल्याचे छायाचित्र सर्वांना ठाऊक आहे, कारण तिथे कॅमेरा होता. परंतु कारवाईच्या काळात आणि नंतर मुख्यतः मुसलमानांवर झालेल्या हिंसाचाराची चौकशी करणाऱ्या सुंदरलाल समितीने २७ ते ४० हजार मृत्यूंचा अंदाज दिला आणि उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर व नांदेड हे सर्वाधिक होरपळलेले जिल्हे म्हणून नोंदवले. त्या गावांत चित्रीकरण करायला कोण गेले होते? पंजाबातल्या अनोळखी बाईचे प्रेत आमच्या गावचे म्हणून दाखवले, तर तिचाही अपमान होतो आणि आमच्या मेलेल्यांचाही.

लातूरवासी: आधी रझाकारांनी, म्हणजे निजामाच्या बाजूच्या सशस्त्र स्वयंसेवकांनी, काय केले, ते का लिहीत नाही? माझे आजोबा घरदार सोडून सोलापूरकडच्या छावणीत राहिले होते. त्यांचे दुःख तुमच्या अहवालात कुठे आहे?

उदगीरकर: ते दुःख मी नाकारलेले नाही. त्याचीही चित्रफीत नाही, हाच माझा मुद्दा आहे.

नांदेडकर: नवी पिढी कृष्णधवल फिती पाहत नाही. चित्रपट दिग्दर्शक पीटर जॅक्सन यांनी २०१८ मध्ये पहिल्या महायुद्धाच्या फितींना रंग दिला, वेग सुधारला आणि ओठांच्या हालचालींवरून सैनिकांचे बोलणे शोधून काढले. त्यामुळेच ते सैनिक आपल्या वयाची पोरे वाटली.

उदगीरकर: तो परिणाम मीही अनुभवला आहे. तरीही त्याच महायुद्धातल्या, फ्रान्समधील सोमच्या लढाईवरील १९१६ च्या चित्रपटात खंदकातून चढाई करणाऱ्या सैनिकांचे दृश्य आघाडीपासून दूर मुद्दाम घडवून घेतलेले होते. त्याला रंग दिला, तर बनाव अधिकच खरा भासेल.

नांदेडकर: म्हणजे प्रत्येक रंगवलेली फीत खोटीच का? त्याच लढाईच्या फितीत खरे जखमीही आहेत. हा हट्ट झाला.

उदगीरकर: खोटी नव्हे, पण रंग आज दिलेला आहे, हे प्रेक्षकाला सांगा. जखमी माणसाच्या सदऱ्याचा रंग कोणी ठरवला, हे विचारण्याचा त्याला हक्क आहे.

परभणीकर: ठीक आहे, ‘दृश्य अन्यत्रचे’ अशी पट्टी टाकू. एवढे मान्य करतो, अधिक नाही.

उदगीरकर: पट्टी सरकून जाते, प्रेत मनात राहते. त्याऐवजी पडदा काळा ठेवा आणि आजोबांसारख्यांच्या आठवणी ऐकवा. साक्षीदार नव्वदीच्या घरात आहेत. ध्वनिमुद्रण याच वर्षी करावे लागेल.

लातूरवासी: मग दोन्ही बाजूंचे करा. एका बाजूचेच केले, तर मी विरोध करीन.