पडद्यामागचा फ्रेंडली

अमेरिकन टीव्ही पत्रकार एडवर्ड मरोने, लोकांवर कम्युनिस्ट असल्याचे आरोप करत सुटलेल्या सिनेटर मॅकार्थीला एकट्याने अंगावर घेतलं असं म्हटलं जातं, ते अर्धंच खरं. पडद्यावर मरो दिसायचा, पण 'सी इट नाऊ' हा सीबीएस वाहिनीवरचा त्याचा कार्यक्रम उभा करण्यात फ्रेड फ्रेंडली बरोबरीचा निर्माता होता. मॅकार्थीवरचा ९ मार्च १९५४ चा भाग बराचसा मॅकार्थीच्याच भाषणांच्या फिल्ममधून जोडलेला. म्हणजे निम्मी लढाई एडिटिंग टेबलावरच झाली! सीबीएस या भागाच्या जाहिरातीला पैसे देईना, तेव्हा दोघांनी पदरमोड करून 'न्यूयॉर्क टाइम्स'मध्ये जाहिरात दिली. तीही सीबीएसच्या बोधचिन्हाशिवाय.

फ्रेंडलीची पुढची गोष्ट सहसा कुणी काढत नाही, आणि मला तर तीच जास्त भावते. १९६६ साली फ्रेंडली सीबीएस न्यूजचा अध्यक्ष होता. व्हिएतनाम युद्धावर सिनेटच्या समितीसमोर माजी राजदूत जॉर्ज केनन साक्ष देत होते. फ्रेंडलीला ती थेट दाखवायची होती, पण वरच्यांनी लावला 'आय लव्ह लुसी' या विनोदी मालिकेचा जुना भाग. थेट प्रक्षेपणामुळे जाहिरातींचं उत्पन्न बुडत होतं ना! फ्रेंडलीने राजीनामा दिला. इतक्या वरच्या खुर्चीतला निर्माता एका न दाखवलेल्या प्रक्षेपणापायी उठून जातो, हे आजच्या न्यूजरूममध्ये सांगितलं तर लोक हसतील. नंतर तो कोलंबिया विद्यापीठात पत्रकारिता शिकवायला लागला.