पाऊस किती यापेक्षा किती महिने

बऱ्याचदा म्हटलं जातं की सह्याद्रीत दक्षिणेकडे जंगल दाट होत जातं, कारण तिकडे पाऊस जास्त. जंगलाचं बरोबर आहे, कारण मात्र पटत नाही. महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या पुढे पाऊस पडतो, आंबोलीला त्याहूनही जास्त. केरळच्या घाटातल्या कितीतरी सदाहरित जंगलांना एवढा पाऊस मिळतही नाही. खरा फरक कोरड्या महिन्यांचा आहे. आपल्याकडे महाराष्ट्रात जवळपास सगळा पाऊस जून ते सप्टेंबरमध्ये उरकतो, आणि मग सात-आठ महिने झाडांना जमिनीतल्या ओलाव्यावर काढावे लागतात. केरळात एप्रिल-मेमध्ये वळीव चांगले पडतात, ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये परतीचा आणि ईशान्य मोसमी पाऊस येतो. कोरडा काळ दोन-चार महिन्यांवर येतो. सलग ओल लागणाऱ्या झाडांच्या जाती म्हणूनच उत्तरेकडे एकेक करून गळत जातात.

महाबळेश्वरच्या पठारावरचं रान नीट बघा. जांभूळ, अंजनी, पिसा अशा मोजक्याच जातींचा भरणा, झाडं बुटकी, खोडं वेडीवाकडी. ऑगस्टमध्ये त्याच खोडांवर बोटभर जाड शेवाळ असतं, मार्चमध्ये ते हाताला कुरकुरीत लागतं. जांभ्या खडकावरची माती पातळ आणि वारा भन्नाट, हेही आहेच. पण हे रान दक्षिणेच्या जंगलाची कमअस्सल नक्कल अजिबात नाही. इतका लांब उन्हाळा सोसून बारमाही हिरवं राहणं ही मोठी गोष्ट आहे, आणि एकदा तोडलं की त्या पातळ मातीवर ते पुन्हा उभं राहणं फार कठीण.