मदत हवी आहे: फिजीच्या सैन्याचे उठाव नेमके किती, आणि कुणाचे?

निळीरेघ

दिवाळी अंकासाठी फिजीच्या सैन्यावर साधारण तीन हजार शब्दांचा लेख लिहिते आहे. आराखडा असा: १९७० मध्ये स्वातंत्र्य, १९८७ मध्ये सितिवेनी राबुका यांचा उठाव, २००० मध्ये जॉर्ज स्पेट यांचा, २००६ मध्ये फ्रँक बैनिमारामा यांचा, २०१४ मध्ये निवडणूक, आणि २०२२ मध्ये राबुका मतपेटीतून पंतप्रधान.

चार ठिकाणी अडलंय.

१. उठाव कुठे तीन, कुठे चार, कुठे पाच दिलेले आहेत. कुठला आकडा धरू?
२. तारखा एकेका दिवसाने मागेपुढे होतात.
३. १९८७ मध्ये भारतीय वंशाचे लोक जवळपास निम्मे होते. मग सैन्यात ते जवळजवळ नव्हतेच, असं का?
४. ज्या सैन्याने १९८७ मध्ये मूळ रहिवाशांच्या नावाने सत्ता घेतली, त्याच सैन्याने २००६ मध्ये मूळ रहिवाशांच्याच पक्षाचं सरकार पाडलं. हे काही केल्या जुळत नाही.

लेखाचं पहिलं वाक्य सध्या असं आहे: 'फिजीच्या लष्कराने चार वेळा सत्ता बळकावली.' चालेल का?

दर्यावर्दी

ते वाक्य आधी काढा. चौथ्या प्रश्नाचा गुंता त्यातूनच तयार झालाय.

आकडा चारच धरा: १४ मे १९८७, २५ सप्टेंबर १९८७, १९ मे २०००, ५ डिसेंबर २००६. तीन म्हणणारे १९८७ चे दोन्ही एकत्र मोजतात. तसं करू नका, कारण दोन्हींचा हेतू वेगळा होता. मे महिन्यात पंतप्रधान तिमोदी बावान्द्रा यांचं महिनाभराचं सरकार गेलं. सप्टेंबरात, पाडलेल्या सरकारचा पक्ष आणि त्याचे विरोधक अशा दोन्ही बाजूंनी मिळून हंगामी सरकार चालवावं असा देउबा करार २३ तारखेला झाला होता, तो दोन दिवसांत मोडला. त्यानंतर ७ ऑक्टोबरला देश प्रजासत्ताक जाहीर झाला आणि ब्रिटनच्या राणीशी असलेलं नातं तुटलं. पाच म्हणणारे १० एप्रिल २००९ धरतात. त्या दिवशी राष्ट्राध्यक्षांनी राज्यघटना रद्द केली, पण सत्ता तेव्हा आधीपासूनच सेनापतींच्या हाती होती.

आता खरा मुद्दा. चारांपैकी तिसरा उठाव सैन्याच्या हुकमाने झालाच नव्हता. प्रत्येक वेळी तीन गोष्टी विचारा: सेनापती कुठे होते, हुकूम कुणाचा होता, बंदुका कुठून आल्या.

१९८७: सेनापती ब्रिगेडियर रातू एपेली नाइलातिकाउ ऑस्ट्रेलियात होते. राबुका लेफ्टनंट कर्नल होते, म्हणजे सेनापतींना डावलून खालच्या अधिकाऱ्याने केलेलं काम.
२०००: स्पेट व्यावसायिक, सैनिक नव्हेत. बंदुका आणि काही माणसं सैन्याची, हुकूम सैन्याचा नाही.
२००६: खुद्द सेनापती, उघडपणे, आधी कित्येक आठवडे इशारे देऊन.

शब्दही एकच वापरू नका. 'उठाव' म्हटलं की आपल्या वाचकाच्या मनात १८५७ येतं, म्हणजे खालून वर आलेला क्षोभ. नुसता 'सत्तापालट' म्हटलं तर निवडणुकीतला बदलही त्यात बसतो. १९८७ आणि २००६ साठी 'लष्करी सत्तापालट', मे २००० साठी 'संसदेवरचा सशस्त्र कब्जा' आणि नोव्हेंबर २००० साठी 'बंड' असं ठेवा. शब्द नेमके पडले की गुंता अर्धा सुटतो.

तारखांचं कारण घड्याळात आहे. फिजी ग्रिनिचच्या १२ तास पुढे, भारताच्या साडेसहा तास पुढे. १४ मे १९८७ ला राजधानी सुवात सकाळचे दहा वाजले तेव्हा भारतात पहाटेचे साडेतीन होते, पण लंडन-न्यूयॉर्कला अजून १३ मे. पाश्चात्त्य बातमीवरून घेतलेली तारीख बरेचदा एक दिवस मागे पडते. सगळीकडे सुवाची तारीख धरा आणि तसं एकदा नोंदवून टाका.

मोडीवाचक

नावांबद्दल थोडं. फिजी भाषेच्या रोमन लिपीत अक्षरांचे उच्चार वेगळे ठरलेले आहेत. 'बी'च्या आधी 'म्', 'डी'च्या आधी 'न्' येतो. 'सी' म्हणजे इंग्रजी 'दॅट'मधल्यासारखा 'द'. 'क्यू' म्हणजे 'ङ्ग', नुसता 'जी' म्हणजे 'ङ'. म्हणून राबुका नव्हे, राम्बुका. विमानतळाचं गाव नाडी नव्हे, नान्दी. १८७४ मध्ये बेटं ब्रिटिशांच्या हवाली करणारा राजा काकोबाउ नव्हे, दाकोम्बाउ. सुरुवातीचा 'म्ब' मराठीत डोळ्याला खटकतो, तिथे बाइनिमारामा चालेल, 'बै' मात्र नको. वर्तमानपत्रांमुळे 'राबुका' रुळलं आहे, तेव्हा पहिल्या उल्लेखात दोन्ही द्या आणि पुढे एकच ठेवा.

'रातू' हे नाव नाही, सरदार घराण्यातल्या पुरुषाची पदवी आहे, आपल्याकडच्या 'राजे'सारखी. तिला आडनाव समजून सूचीत 'र'खाली टाकू नका.

शोधयात्री

तिसऱ्या प्रश्नाला लेखात भरपूर जागा द्या. बहुतेक लेख १९८७ पासून सुरू होतात आणि मग सैन्य आकाशातून पडल्यासारखं वाटतं.

१८७९ ते १९१६ या काळात साठ हजारांहून जास्त भारतीय गिरमिटावर, म्हणजे कराराने बांधलेले मजूर म्हणून, उसाच्या मळ्यांसाठी नेले गेले. पहिलं जहाज 'लिओनिदास' १४ मे १८७९ ला पोचलं. पुढे सत्तापालटाचीही तारीख १४ मेच निघाली, आणि फिजीतल्या भारतीयांना तो दिवस दोन्ही अंगांनी आठवतो. मजूर भारतीय, जमीन आणि सरदारकी मूळ रहिवाशांची, म्हणजे इतौकेइंची, आणि राज्य गोऱ्यांचं, अशी वाटणी ब्रिटिशांनी करून ठेवली. हत्यार सरदारांच्या माणसांच्या हाती राहिलं.

दुसऱ्या महायुद्धात ही वाटणी पक्की झाली. फिजी इन्फन्ट्री रेजिमेंटच्या तुकड्या सॉलोमन बेटांत आणि बूगनव्हिलला लढल्या. २३ जून १९४४ ला कॉर्पोरल सेफानाइया सुकानाइवालु जखमी होऊन जपानी माऱ्याच्या तोंडाशी अडकले. आपण जिवंत आहोत तोवर सोबती मागे हटणार नाहीत हे ओळखून ते हातांवर उठले आणि मशीनगनसमोर आले. त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. इतौकेइ घरांत सैन्याला जो मान आहे तो अशा प्रसंगांतून आला आहे. भारतीयांनी भरतीसाठी गोऱ्यांइतका पगार मागितला, तो नाकारला गेला, आणि भरती जवळजवळ झालीच नाही. त्यातच १९४३ मध्ये ऊसतोडीचा संप झाला. 'आम्ही रक्त सांडलं, तुम्ही पगार मागितला' हा ठपका पुढे चाळीस वर्षं पुरला. मागणी न्याय्य होती हेही लिहा. नाहीतर लेख नकळत ठपक्याच्या बाजूने झुकेल.

सरदार घराणी आणि सैन्याचा वरचा थर एकाच गोतावळ्यातले. नाइलातिकाउ आणि १९९१ ते १९९९ सेनापती असलेले रातू एपेली गानिलाउ हे दोघेही १९७० पासूनचे पंतप्रधान रातू सर कामिसेसे मारा यांचे जावई. राम्बुका मात्र सरदार घराण्यातले नव्हते. ही बाब सोडू नका.

आणि शांतिसेना. १९७८ पासून २००२ पर्यंत दक्षिण लेबनॉनमध्ये फिजीची बटालियन होती, १९८२ पासून सिनाईतही. घरी येणारा पगार, परदेशचा अनुभव, तयार अधिकारी, हे सगळं त्यातून आलं. एवढ्याशा देशाला एवढं सैन्य का, याचं उत्तर सीमेवर शोधू नका. सीमा समुद्रच आहे. १८ एप्रिल १९९६ ला लेबनॉनमधल्या काना गावच्या ज्या छावणीवर इस्रायली तोफगोळे पडून शंभराहून जास्त नागरिक गेले, ती फिजी बटालियनचीच छावणी.

एक हमखास चूक: ब्रिटिश सैन्यात शिरलेले फिजीयन वेगळे. १९६१ मध्ये दोनशेहून जास्त जण तिकडे भरती झाले. १९७२ मध्ये ओमानमध्ये मिरबातला पडलेले सार्जंट तालाइआसी लाबालाबा ब्रिटिश सैन्याच्या एसएएस या विशेष दलाचे होते. त्यांना फिजीच्या सैन्यात मोजू नका.

निळीरेघ

खूप आभार, तिघांचेही. नोव्हेंबर २००० चं बंड माझ्या आराखड्यात नव्हतंच. ते इतकं महत्त्वाचं आहे का? आणि 'काउंटर रिव्होल्यूशनरी वॉरफेअर युनिट' आणि 'फर्स्ट मेरिडियन स्क्वाड्रन' या दोन तुकड्या होत्या का?

दर्यावर्दी

एकच तुकडी, दोन नावं. १९८७ नंतर राम्बुकांच्या काळात उभी राहिली. तिला घडवलं ते एसएएसमधून निवृत्त झालेले इलिसोनी लिङाइरी यांनी. १९ मे २००० ला, भारतीय वंशाचे पंतप्रधान महेंद्र चौधरी यांच्या सरकारला बरोबर एक वर्ष झालं त्या दिवशी, स्पेट संसदेत शिरले ते याच तुकडीतल्या माणसांच्या बळावर. चौधरी ५६ दिवस ओलीस होते, १३ जुलैला सुटले. मधल्या काळात, २९ मे रोजी, राष्ट्राध्यक्ष मारा बाजूला झाले आणि सेनापती बाइनिमारामांनी लष्करी कायदा पुकारून सत्ता हाती घेतली. तेव्हा २००० मध्ये दोन वेगळ्या गोष्टी आहेत: स्पेटांचा कब्जा, आणि त्यावर उपाय म्हणून सेनापतींचा ताबा. आराखड्यात दोन्ही एका ओळीत घातल्या की सगळं बिघडतं.

बंड महत्त्वाचं आहे, किंबहुना तुमच्या चौथ्या प्रश्नाचं उत्तर तिथेच आहे. २ नोव्हेंबरला सुवाच्या नाबुआ भागातल्या क्वीन एलिझाबेथ बराकीत याच तुकडीच्या सैनिकांनी सेनापतींवर हत्यार उचललं. बाइनिमारामा मागच्या उतारावरून निसटले. सेनापतींच्या बाजूचे चार सैनिक मारले गेले. संध्याकाळपर्यंत बराक परत ताब्यात आली आणि पकडलेल्या बंडखोरांपैकी चौघांचा मारहाणीत मृत्यू झाला. दोन्हीकडचे लिहा, एकूण आठ. बहुतेक लेखांत पहिले चारच असतात.

त्या दिवशी फिजीयन सैनिकाने फिजीयन सैनिकाला मारलं, आणि दोन्हीकडचे इतौकेइच. 'सैन्य म्हणजे मूळ रहिवाशांचं सैन्य' हे समीकरण तिथे मोडलं. तुकडी बरखास्त झाली.

शोधयात्री

त्याला जोडून २००६. लाइसेनिया गारासे यांना जुलै २००० मध्ये पंतप्रधानपदी बसवलं ते सैन्यानेच, हे आधी लिहा. २००१ ची निवडणूक जिंकल्यावर त्यांनी स्पेट समर्थकांचा पक्ष सोबत घेतला. मग आलं सलोखा विधेयक, ज्यात २००० च्या गुन्हेगारांना माफीची वाट होती. जोडीला किनाऱ्यालगतच्या मासेमारीच्या पाण्यावर, म्हणजे गोलिगोलीवर, मूळ रहिवाशांचा हक्क देणारं विधेयक. ज्यांच्या माणसांनी आपल्याला मारायला बराकीत गोळ्या झाडल्या ते सुटणार, असा सेनापतींच्या बाजूने त्याचा अर्थ झाला. ऑक्टोबर २००६ च्या अखेरीस सेनापती परदेशात असताना त्यांना बदलण्याचा प्रयत्न झाला, पण ज्या अधिकाऱ्याला पद देऊ केलं त्याने नकार दिला. २९ नोव्हेंबरला वेलिंग्टनमध्ये गारासे आणि सेनापतींची बोलणी झाली आणि ५ डिसेंबरला सरकार गेलं.

इथे एक खबरदारी. हे वेलिंग्टन न्यूझीलंडचं. राम्बुकांच्या चरित्रात येणारं वेलिंग्टन निलगिरीतलं. भारताच्या डिफेन्स सर्व्हिसेस स्टाफ कॉलेजमध्ये त्यांचं प्रशिक्षण झालं होतं. दोन्हींत गल्लत होते.

कायद्याचा धागाही घ्या. १९९० च्या घटनेत सैन्याकडे देशाची सुरक्षा, संरक्षण आणि 'कल्याण' यांची जबाबदारी दिली गेली. २०१३ च्या घटनेच्या १३१ व्या कलमात ती पुन्हा आली. सगळा वाद त्या 'कल्याण' शब्दावर आहे, कारण कल्याण कशात आहे हे ठरवणार कोण, हे कलम सांगत नाही. त्याच घटनेचं दहावं प्रकरण सत्तापालट करणाऱ्यांना खटल्यांपासून संरक्षण देतं. एप्रिल २००९ चा क्रमही नीट लावा: ९ तारखेला अपील न्यायालयाने २००६ ची कृती बेकायदा ठरवली, १० ला घटना रद्द झाली. आधी निकाल, मग घटना. उलटा क्रम लिहिला तर कारणच हरवतं.

निळीरेघ

पहिला परिच्छेद आता असा केलाय:

'फिजीत चार वेळा बळाने सत्ता हिसकावली गेली. १९८७ मध्ये दोनदा ती सैन्यातल्या एका अधिकाऱ्याने घेतली, २००० मध्ये सैन्यातून फुटलेल्या तुकडीच्या जोरावर एका व्यावसायिकाने, आणि २००६ मध्ये खुद्द सेनापतींनी. राम्बुका सैनिक म्हणून दोनदा आले आणि २०२२ मध्ये प्रथमच मतपेटीतून.'

२००० आणि १९८७ दोन्हींसाठी 'वेइउतो येथील संसद' असं पुढे वापरलंय.

दर्यावर्दी

पहिली दोन वाक्यं चोख. 'प्रथमच' काढा: राम्बुका १९९२ ते १९९९ निवडणुकीतून आलेले पंतप्रधान होतेच. मात्र ती पहिली निवडणूक १९९० च्या घटनेखालची होती, तिच्यात ७० पैकी ३७ जागा इतौकेइंसाठी राखीव होत्या. हे सोबत द्या. २०२२ ला सभागृहात ते २८ विरुद्ध २७ मतांनी निवडले गेले, २४ डिसेंबरला.

संसद एकच नाही. १९८७ ला ती सुवाच्या मध्यवर्ती सरकारी इमारतीत भरत होती. राम्बुका तिथल्या प्रेक्षक सज्जात साध्या वेशात बसले होते आणि तोंड झाकलेले दहा सैनिक आत आले. वेइउतोचं संकुल १९९२ चं, स्पेट शिरले ते तिथे. २०१४ पासून संसद पुन्हा जुन्या इमारतीत आहे.

मोडीवाचक

सैन्याच्या नावातही तसंच आहे. आधी 'रॉयल फिजी मिलिटरी फोर्सेस', प्रजासत्ताकानंतर 'रिपब्लिक ऑफ फिजी मिलिटरी फोर्सेस'. आद्याक्षरं तीच राहिली, त्यामुळे 'आरएफएमएफ' एवढंच दिसलं तर नुसत्या संक्षेपावरून साल ठरवू नका. ७ ऑक्टोबर १९८७ च्या आधीच्या परिच्छेदांत 'शाही', नंतरच्या परिच्छेदांत 'प्रजासत्ताक' असं शोधून बदलून घ्या. सुकानाइवालुंच्या परिच्छेदात यातलं काहीच नको, तिथे फक्त रेजिमेंटचं नाव लिहा.